विशेष शिक्षक कसे व्हावे? शिक्षण, नोंदणी आणि प्रत्यक्ष काम

मागच्या वर्षी दवाखान्यात एक आई आल्या होत्या. मुलगा सहा वर्षांचा, ऑटिझमचे निदान झालेला. आले होते सर्दीच्या औषधासाठी, पण निघताना आईंनी पर्समधून एक प्रमाणपत्र काढून माझ्यासमोर ठेवले. तीन महिन्यांचा ऑनलाइन कोर्स. "डॉक्टर, आता मी स्पेशल टीचर झाले ना? घराच्या वरच्या खोलीत क्लास सुरू करावा म्हणते. आपल्या भागात अशा मुलांसाठी काहीच नाही."

त्यांचे शेवटचे वाक्य अगदी खरे होते. पहिल्या प्रश्नाचे उत्तर मात्र मला 'नाही' असे द्यावे लागले. त्यांचा चेहरा पडला. मग आम्ही अर्धा तास बोललो. त्या अर्ध्या तासात जे सांगितले, तेच या लेखात सविस्तर मांडत आहे. तुम्हाला स्वतःला विशेष शिक्षक व्हायचे असेल किंवा तुमच्या मुलासाठी असा शिक्षक शोधायचा असेल, तर दोन्हींसाठी ही माहिती उपयोगी आहे.

विशेष शिक्षक म्हणजे नेमके कोण?

पालकांचा इथे नेहमी गोंधळ होतो, म्हणून आधी कामांची वाटणी समजून घ्या.

- डॉक्टर निदान करतात, सोबतचे आजार शोधतात आणि औषधे देतात.
- क्लिनिकल सायकॉलॉजिस्ट बुद्ध्यांक, वर्तन आणि अध्ययनक्षमता यांच्या चाचण्या करतात.
- स्पीच थेरपिस्ट बोलणे, भाषा आणि गिळणे यांवर काम करतात.
- ऑक्युपेशनल थेरपिस्ट हातांचे काम, शरीराचा तोल, संवेदना आणि रोजच्या क्रिया यांवर काम करतात.
- विशेष शिक्षक, म्हणजेच स्पेशल एज्युकेटर, या सगळ्यांचे अहवाल वाचून एका प्रश्नाचे उत्तर शोधतात: हे मूल शिकेल कसे, आणि आज त्याला नेमके काय शिकवायचे?

मुलासोबत वर्गात बसणारा मदतनीस, ज्याला शॅडो टीचर म्हणतात, तो विशेष शिक्षक असेलच असे नाही. बहुतेक वेळा नसतो.

नोंदणी का महत्त्वाची?

मी एमबीबीएस झाले, पण केवळ पदवीवर मला दवाखाना उघडता आला नसता. त्यासाठी वैद्यक परिषदेत नोंदणी करून क्रमांक घ्यावा लागला. विशेष शिक्षणाचेही तसेच आहे. यासाठी भारतीय पुनर्वास परिषद, म्हणजे आरसीआय, ही केंद्र सरकारची वैधानिक संस्था आहे. तिचा कायदा 1992 साली झाला आणि 1993 पासून ती वैधानिक स्वरूपात काम करते. कोणता अभ्यासक्रम मान्य, कोणत्या संस्थेला तो चालवण्याची परवानगी, हे ती ठरवते. मान्य अभ्यासक्रम पूर्ण करणाऱ्याचे नाव केंद्रीय पुनर्वास नोंदवहीत, म्हणजे सीआरआरमध्ये, घातले जाते आणि त्याला क्रमांक मिळतो.

ही केवळ औपचारिकता नाही. नोंदणीशिवाय पुनर्वसन व्यावसायिक म्हणून काम केल्यास एक वर्षापर्यंत कैद किंवा एक हजार रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही, अशी तरतूद त्या कायद्यात आहे. ही नोंदणी ठरावीक मुदतीची असते. ती वाढवून घेण्यासाठी सीआरई नावाची उजळणी प्रशिक्षणे करून गुण मिळवावे लागतात.

आता माझी एक चूक सांगते. बऱ्याच वर्षांपूर्वी चार वर्षांच्या एका मुलाच्या चिठ्ठीवर मी 'स्पेशल एज्युकेशन' एवढेच लिहून दिले. कुठे जावे, काय तपासून घ्यावे, काहीच सांगितले नाही. पालकांनी घराजवळचा एक क्लास गाठला. तिथे कोणीही नोंदणीकृत नव्हते. वर्षभर मूल चित्रे रंगवत राहिले. वर्षाने ते परत आले, तेव्हाही मूल बोलत नव्हते. तेव्हा कुठे मी श्रवण तपासणीला पाठवले. दोन्ही कानांनी त्याला खूप कमी ऐकू येत होते. ती तपासणी पहिल्याच भेटीत मी सांगायला हवी होती. पण प्रशिक्षित शिक्षकानेही पहिल्याच आठवड्यात विचारले असते, "ऐकण्याची तपासणी झाली आहे का?" भाषा शिकण्याच्या वयातले एक वर्ष गेले. ते परत देता येत नाही.

तेव्हापासून मी चिठ्ठीवर 'आरसीआय नोंदणीकृत' हे दोन शब्द लिहिते.

कोणता अभ्यासक्रम करावा?

मुख्य मार्ग दोन आहेत.

1. डी.एड. विशेष शिक्षण: बारावीनंतर दोन वर्षे. साधारणपणे बारावीत 50 टक्के गुण लागतात. शाखा कोणतीही चालते.
2. बी.एड. विशेष शिक्षण: पदवीनंतर दोन वर्षे. पदवीला साधारणपणे 50 टक्के गुण लागतात. राखीव प्रवर्गांना नियमानुसार सवलत असते. महाराष्ट्रात बी.एड.साठी राज्याच्या सीईटी कक्षाची जी प्रवेश परीक्षा होते, तिच्या नावातच 'जनरल आणि स्पेशल' असे दोन्ही प्रकार आहेत. अर्ज भरताना योग्य प्रकार निवडा.

पुढे एम.एड. विशेष शिक्षण करता येते. शिक्षकांना शिकवायचे किंवा संशोधन करायचे असेल तर ते उपयोगी पडते.

महाराष्ट्रात मुंबईतील अलियावर जंग राष्ट्रीय संस्था श्रवणदोषाच्या क्षेत्रातली जुनी आणि महत्त्वाची संस्था आहे. एसएनडीटी महिला विद्यापीठात विशेष शिक्षणाचा स्वतंत्र विभाग आहे. बौद्धिक अक्षमतेसाठीच्या सिकंदराबादच्या राष्ट्रीय संस्थेचे प्रादेशिक केंद्र नवी मुंबईत आहे. याशिवाय इतर शहरांतही मान्यताप्राप्त संस्था आहेत.

प्रवेश घेण्यापूर्वी एक काम न विसरता करा. आरसीआयच्या संकेतस्थळावर मान्यताप्राप्त संस्थांची यादी असते. तिथे संस्थेचे नाव, अभ्यासक्रमाचे नाव आणि तुमच्या शैक्षणिक वर्षाची मान्यता, या तिन्ही गोष्टी पाहा. संस्था मान्य असूनही तिचा एखादा अभ्यासक्रम मान्य नसू शकतो. 'लवकरच मान्यता मिळणार आहे' या आश्वासनावर फी भरू नका.

कोणते क्षेत्र निवडावे?

इथे एकच एक 'विशेष शिक्षक' नसतो. प्रवेश घेतानाच क्षेत्र निवडावे लागते: बौद्धिक व विकासात्मक अक्षमता, श्रवणदोष, दृष्टिदोष, विशिष्ट अध्ययन अक्षमता, बहुविकलांगता इत्यादी. प्रत्येक क्षेत्राची कौशल्ये वेगळी असतात. दृष्टिदोषाच्या शिक्षकाला ब्रेल आणि पांढऱ्या काठीने फिरण्याचे प्रशिक्षण लागते. श्रवणदोषाच्या शिक्षकाला श्रवणयंत्र, कॉक्लिअर इम्प्लांट आणि सांकेतिक भाषा यांची माहिती लागते. अध्ययन अक्षमतेत मुलाची बुद्धी चांगली असते, पण वाचन, लेखन किंवा गणित यांपैकी काहीतरी अडते. तिथे अक्षर आणि आवाज यांची सांगड घालण्यापासून सुरुवात करावी लागते.

निर्णय घेण्यापूर्वी किमान एक आठवडा तुमच्या भागातील एखाद्या विशेष शाळेत परवानगी घेऊन बसा. लाळ पुसणे, डायपर बदलणे, ओरडणाऱ्या मुलाजवळ शांत राहणे, महिनाभर एकच गोष्ट शिकवणे हे सगळे पाहा. आठवड्यानंतरही जावेसे वाटले, तर तुम्ही योग्य दिशेने आहात.

दोन वर्षांत काय शिकवतात?

"मला मुलांची खूप आवड आहे, मग दोन वर्षे कशाला?" असे पुष्कळ जण विचारतात. आवड नसेल तर हे काम होणारच नाही, पण नुसती आवड पुरत नाही. एक साधे उदाहरण घ्या: डबा उघडणे.

तुमच्या-माझ्यासाठी ती एक क्रिया आहे. विशेष शिक्षक तिचे तुकडे करतो: डबा ओळखणे, एका हाताने धरणे, दुसऱ्या हाताने झाकणाची कड शोधणे, बोट अडकवणे, वर ओढणे, झाकण बाजूला ठेवणे. मग मुलाला यातले कोणते टप्पे येतात ते लिहून काढतो. अनेकदा शेवटच्या टप्प्यापासून सुरुवात करतात. झाकण जवळजवळ उघडून द्यायचे आणि शेवटचा ओढा मुलाने द्यायचा. 'मी उघडला' हा आनंद त्याला पहिल्याच दिवशी मिळतो. पुढच्या आठवड्यात त्याच्या आधीचा टप्पा.

याच पद्धतीने प्रत्येक मुलाचा वैयक्तिक शैक्षणिक आराखडा तयार होतो. त्याला आयईपी म्हणतात. त्यात आज मूल कुठे आहे, पुढच्या काही महिन्यांत कुठे पोहोचायचे, कोणत्या पद्धतीने आणि प्रगती कशी मोजायची, हे लिहिलेले असते. 'मुलाचे लक्ष सुधारेल' हे उद्दिष्ट नव्हे. 'तीन महिन्यांत मूल पाच मिनिटे जागेवर बसून मणी ओवेल' हे उद्दिष्ट. महाराष्ट्रातील बौद्धिक अक्षम मुलांच्या शाळांत मुंबईच्या जय वकील संस्थेने विकसित केलेला 'दिशा' अभ्यासक्रम वापरला जातो. शिक्षण घेताना त्याचीही ओळख करून घ्या.

शिवाय अभ्यासक्रमाचा मोठा भाग प्रत्यक्ष सरावाचा असतो: विशेष शाळेत, सर्वसाधारण शाळेत आणि मुलांचे मूल्यमापन करताना. तीन महिन्यांच्या ऑनलाइन कोर्समध्ये नेमके हेच नसते.

शिक्षकाला माहीत हव्यात अशा वैद्यकीय गोष्टी

डॉक्टर म्हणून मला सर्वांत महत्त्वाचा वाटणारा भाग हा आहे. मूल माझ्यासमोर दहा मिनिटे असते, शिक्षकासमोर चार-पाच तास. शिक्षकाच्या डोळ्यांना जे दिसते ते मला कधीच दिसत नाही.

एका विशेष शाळेच्या बाई एकदा नऊ वर्षांच्या मुलीला आणि तिच्या आईला घेऊन आल्या. सोबत वही होती. मुलगी मणी ओवता ओवता थांबते, काही सेकंद नजर स्थिर होते, मग काही झालेच नाही अशी पुन्हा ओवू लागते. त्या दिवशी अकरा वेळा, वेळेसह नोंद. घरचे म्हणत होते, "तिचं लक्षच नसतं." मी मेंदूविकारतज्ज्ञांकडे पाठवले, ईईजी झाला, फिट्सचाच एक प्रकार निघाला. उपचार सुरू झाल्यावर तिचे शिकणे सुधारले. निदानाची सुरुवात त्या वहीपासून झाली.

म्हणून भावी शिक्षकांनी हे लक्षात ठेवा:

- फिट आल्यास: घड्याळ पाहा. मुलाला कुशीवर वळवा, डोक्याखाली मऊ काहीतरी ठेवा, आजूबाजूच्या टणक वस्तू दूर करा. तोंडात चमचा, बोट, पाणी काहीही घालू नका. कांदा किंवा चप्पल हुंगवू नका. फिट 5 मिनिटांपेक्षा जास्त टिकली, लागोपाठ आली किंवा श्वासाला त्रास दिसला, तर ताबडतोब 108 ला फोन करा.
- डाऊन सिंड्रोम: या मुलांमध्ये हृदयदोष, थायरॉइडचे विकार आणि कमी ऐकू येणे हे नेहमीपेक्षा जास्त आढळते. मूल अचानक सुस्त झाले तर 'आळशी' म्हणू नका, तपासणी करायला सांगा. मानेच्या मणक्यांचा सांधा सैल असू शकतो, त्यामुळे डॉक्टरांना विचारल्याशिवाय कोलांट्या उड्या घेऊ देऊ नका.
- सेरेब्रल पाल्सी: मूल आडवे असताना खाऊ घालू नका. पाठ आणि मान यांना आधार देऊन सरळ बसवा. जेवताना वारंवार ठसका लागत असेल तर ते डॉक्टरांना कळवा. अन्न श्वासनलिकेत गेल्याने न्यूमोनिया होऊ शकतो.
- अचानक बदललेले वर्तन: न बोलणारे मूल एकाएकी स्वतःला मारू लागले, तर आधी दुखणे शोधा. दाताची कीड, कानाचा संसर्ग, बद्धकोष्ठता. घटनेच्या आधी काय झाले, मुलाने काय केले आणि नंतर काय झाले, हे तीन रकान्यांत लिहा. ती नोंद डॉक्टरांना फार उपयोगी पडते.
- औषधे: फिट्सच्या काही औषधांनी गुंगी येते, एडीएचडीच्या काही औषधांनी भूक मंदावते. वर्गात दिसणारे बदल पालकांना कळवा. औषध बंद करण्याचा सल्ला मात्र कधीही देऊ नका.

काम कुठे मिळते?

विशेष शाळा, समावेशित शिक्षण देणाऱ्या सर्वसाधारण शाळा, समग्र शिक्षा योजना, बालविकास केंद्रे, रुग्णालये आणि खासगी काम असे मार्ग आहेत. राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमातील जिल्हा शीघ्र हस्तक्षेप केंद्रांच्या चमूतही विशेष शिक्षकाचे पद असते.

मागणी नक्कीच आहे. 2016 च्या दिव्यांग हक्क कायद्याने दिव्यांगत्वाचे 21 प्रकार मान्य केले. 40 टक्के किंवा अधिक दिव्यांगत्व असलेल्या मुलाला 6 ते 18 वर्षे वयात मोफत शिक्षणाचा हक्क आहे, शाळा जवळची सर्वसाधारण असो वा विशेष. 2021 साली सर्वोच्च न्यायालयाने प्राथमिक स्तरावर अशा 10 मुलांमागे एक आणि त्यापुढे 15 मुलांमागे एक विशेष शिक्षक, असे प्रमाण सांगितले. 2025 मध्ये न्यायालयाने राज्यांना पदे अधिसूचित करायला सांगितले.

पण कागदावरचा हक्क आणि शाळेतला शिक्षक यांत अजून अंतर आहे. पुष्कळ विशेष शिक्षकांनी वर्षानुवर्षे कंत्राटी काम केले आहे, आणि एकेका शिक्षकाकडे अनेक शाळा असतात. खासगी ठिकाणी पगार शहरानुसार फार बदलतो. हे माहीत असूनच या क्षेत्रात या. सरकारी पदासाठी अर्ज करताना शिक्षक पात्रता परीक्षेची अट आहे का, ते जाहिरातीत नीट वाचा.

स्वतःची तब्येत सांभाळा

माझ्याकडे येणाऱ्या विशेष शिक्षकांच्या तक्रारी ठरलेल्या असतात: कंबरदुखी, बसलेला आवाज, झोप न लागणे. मूल उचलताना कमरेत वाकू नका. गुडघे वाकवा, मुलाला अंगाजवळ धरा आणि मोठ्या मुलाला एकट्याने उचलू नका. आवाज चढवण्याऐवजी चित्रे आणि खुणा वापरा. पाणी पीत राहा. चावे आणि ओरखडे साबण-पाण्याने धुवा, चामडी फाटली असेल तर डॉक्टरांना दाखवा. धनुर्वात आणि हिपॅटायटिस बीच्या लसी घेतलेल्या असू द्या.

आणि मनाचे थकणे हीसुद्धा तब्येतीची तक्रारच आहे. प्रगती मंद असते, कधी कधी मूल आलेली गोष्टही विसरते. सलग दोन-तीन आठवडे कामावर जावेसे वाटत नसेल, चिडचिड मुलांवर निघत असेल, तर सहकाऱ्यांशी बोला, गरज वाटल्यास समुपदेशकाला भेटा. त्यात कमीपणा नाही.

नेहमी विचारले जाणारे प्रश्न

*माझे स्वतःचे मूल दिव्यांग आहे. मी हा कोर्स करावा का?*
जरूर करा, पण घरी तुम्ही आधी आई किंवा वडील आहात हे विसरू नका. स्वतःच्या मुलाचा आराखडा दुसऱ्या शिक्षकाकडून करून घ्या.

*साधे बी.एड. झाले आहे. ते चालेल का?*
सीआरआर नोंदणीसाठी आरसीआय मान्य विशेष शिक्षणाचीच पात्रता लागते.

*मग छोटे ऑनलाइन कोर्स निरुपयोगीच का?*
नाही. पालक, शॅडो टीचर आणि सर्वसाधारण शाळेतील शिक्षक यांना ते समज वाढवायला उपयोगी पडतात. फक्त त्यावर 'विशेष शिक्षक' अशी पाटी लावू नये.

*विशेष शिक्षक ऑटिझमचे किंवा अध्ययन अक्षमतेचे निदान करू शकतात का?*
शंका ओळखून पालकांना पाठवू शकतात. निदान आणि प्रमाणपत्र हे डॉक्टर आणि सायकॉलॉजिस्ट यांच्या पथकाचे काम आहे.

*पालकांनी शिक्षक निवडताना काय विचारावे?*
चार प्रश्न: सीआरआर क्रमांक काय? क्षेत्र कोणते? माझ्या मुलाचा लेखी आराखडा कधी मिळेल? मला वर्गात बसून पाहता येईल का? चांगले शिक्षक या प्रश्नांनी रागावत नाहीत. 'तीन महिन्यांत मूल नॉर्मल करून देतो' असे कोणी म्हणाले, तर तिथून उठा.

थोडक्यात

आरसीआय मान्य डी.एड. किंवा बी.एड. विशेष शिक्षण, क्षेत्राची विचारपूर्वक निवड, भरपूर प्रत्यक्ष सराव आणि सीआरआर नोंदणी, असा हा मार्ग आहे. तो लांब वाटतो, पण समोरच्या मुलाकडे वाया घालवायला वर्षे नसतात, म्हणूनच तो तसा आहे.

सुरुवातीला सांगितलेल्या आई बी.कॉम. आहेत. त्यांनी ते प्रमाणपत्र पुन्हा पर्समध्ये ठेवले आणि यंदा बी.एड. विशेष शिक्षणाला प्रवेश घेतला. वरच्या खोलीला अजून कुलूप आहे. गेल्या आठवड्यात मुलाच्या तापासाठी आल्या, तेव्हा त्यांनीच मला विचारले, "डॉक्टर, त्याची श्रवण तपासणी दोन वर्षांपूर्वीची आहे. पुन्हा करून घेऊ का?" मी लगेच चिठ्ठी लिहून दिली.